ब्रॉडवेवरचे तीन प्रयोग

लहान भाषेत काम करणाऱ्या विनोदी नटाची योग्यता ठरवण्याची वेळ आली की चर्चा लगेच एका ठरावीक वळणाला लागते. तो आपल्या प्रदेशाबाहेर किती पोहोचला, मोठ्या शहरातल्या समीक्षकांनी त्याची दखल घेतली का, मोठ्या बाजारात त्याचे नाणे चालले का, हे प्रश्न विचारले जातात आणि उत्तर नकारार्थी आले की त्याच्यावर 'स्थानिक' असा शिक्का मारून फाइल बंद केली जाते. दुसऱ्या बाजूचे लोक हाच शिक्का बिरुदासारखा मिरवतात आणि कोणी त्या नटाच्या कामातल्या उणिवा दाखवल्या की भाषेचाच अपमान झाल्याचा कांगावा करतात. मराठी वाचकाला हे दोन्ही सूर चांगलेच ओळखीचे आहेत. म्हणूनच हा वाद येथे दूरच्या एका माणसावर तपासून पाहायचा आहे, कारण दूरच्या माणसाबद्दल आपल्याला अभिमानही नसतो आणि न्यूनगंडही नसतो. हा माणूस म्हणजे कॅनडातल्या क्विबेक प्रांताचा फ्रेंचभाषक नट आणि नाटककार ग्रासियाँ जेलिना (1909–1999). त्याच्याविषयी लिहिताना एका बाजूने 1951 साली न्यूयॉर्कमध्ये पडलेल्या त्याच्या नाटकाकडे बोट दाखवले जाते आणि दुसऱ्या बाजूने 'क्विबेकच्या रंगभूमीचा जनक' म्हणून त्याची आरती होते. माझे म्हणणे असे आहे की या दोन्ही कसोट्या चुकीच्या आहेत. लहान भाषेतल्या नट-लेखकाचे मोजमाप करायचे, तर त्याच्या आधी त्या भाषेत रंगमंचावर काय शक्य होते आणि त्याच्यानंतर काय शक्य झाले, यांतले अंतर पाहावे लागते. जेलिनाच्या बाबतीत ते अंतर फार मोठे आहे, आणि ते त्याने विनोदी नट असल्यामुळेच कापले.

आधी काय होते, ते पाहू. क्विबेकमध्ये नाटकाशी चर्चचे वैर जुने होते. 1694 साली गव्हर्नर फ्रोंतनाक फ्रेंच विनोदी नाटककार मोलिएरचे 'तार्त्युफ' हे धार्मिक ढोंगावरचे नाटक करवणार अशी वार्ता पसरली, तेव्हा बिशप सँ-व्हालिए यांनी त्याला शंभर पिस्तोल (त्या काळची सोन्याची नाणी) मोजून तो प्रयोग होऊ दिला नाही. पैसे देऊन नाटक बंद पाडण्याचा हा प्रकार आज गमतीचा वाटेल, पण त्यामागची वृत्ती पुढे अडीच शतके टिकली. विसाव्या शतकाच्या पहिल्या चार दशकांत मॉन्ट्रियलच्या फ्रेंच प्रेक्षकापुढे मुख्यतः दोन पर्याय होते. एक म्हणजे पॅरिसहून आलेली नाटके, बऱ्याचदा पॅरिसहून आलेल्या नटांनी पॅरिसच्या उच्चारांत केलेली. दुसरा पर्याय बर्लेस्कचा होता. त्यात अमेरिकन प्रहसनांचे सांगाडे उचलून नट त्यावर आयत्या वेळी संवाद रचत. पहिल्यात भाषा परकी होती आणि दुसऱ्यात गोष्ट परकी होती. मॉन्ट्रियलच्या पूर्व भागात राहणाऱ्या, गिरणीत किंवा कारखान्यात काम करणाऱ्या माणसाचे स्वतःचे आयुष्य, त्याच्या स्वतःच्या बोलीत, लिहून काढलेल्या संहितेच्या शिस्तीत रंगमंचावर येण्याची सोय जवळजवळ नव्हती. 1937 साली फादर एमिल लगो यांनी 'कॉम्पान्यों द सँ-लोराँ' ही मंडळी उभी केली आणि तिने पुढे उत्तम नट घडवले, हे खरे. परंतु तिचा ओढा धार्मिक आणि अभिजात नाटकांकडे होता.

त्याच 1937 साली, एका विमा कंपनीत हिशेबनीस म्हणून काम केलेला जेलिना 'सेकाएसी' या रेडिओ केंद्रावर फ्रिदोलिन नावाचे पात्र घेऊन आला. फ्रिदोलिन हा मॉन्ट्रियलच्या गरीब वस्तीतला पोरगा होता. आखूड चड्डी, गॅलिस, 'कॅनेडियन्स' या हॉकी संघाची जर्सी आणि हातात गलोल असा त्याचा अवतार असे. 1938 पासून 1946 पर्यंत दरवर्षी 'फ्रिदोलिनों' या नावाने गाणी, नाच आणि छोटे प्रवेश यांची गुंफण असलेला कार्यक्रम मोन्युमाँ-नास्योनाल या नाट्यगृहात होत राहिला. तेथे हा पोरगा प्रेक्षकांशी थेट बोलायचा. त्यात राजकारणी, व्यापारी, बढाईखोर वडीलधारे, युद्धकाळचे रेशन, हे सगळे त्याच्या गलोलीच्या टप्प्यात येई. लेखनात जेलिनाला सहलेखक होते आणि फ्रेद बारी, ज्युलिएत बेलिव्हो यांच्यासारखे मुरलेले नट सोबतीला होते, त्यामुळे सगळे श्रेय एकट्याचे नाही. पण पोरग्याचे वय निवडण्यातली युक्ती त्याची होती. ज्या समाजात चर्च आणि सरकार यांच्याविरुद्ध प्रौढ माणसाने जाहीर बोलणे धोक्याचे होते, तेथे बारा-तेरा वर्षांचा वाटणारा पोरगा बोलला तर ते पोरकटपणात खपून जात असे. हसू आलेल्या प्रेक्षकाला आपण नेमके कशाला हसलो, हे घरी गेल्यावर कळत असावे.

युद्धाने या पोरग्याला मोठे केले. सक्तीच्या सैन्यभरतीवर 27 एप्रिल 1942 रोजी सार्वमत झाले, तेव्हा उर्वरित इंग्रजीभाषक कॅनडाने सरकारच्या बाजूने कौल दिला आणि क्विबेकमध्ये सुमारे 72 टक्के मते विरुद्ध पडली. 1944 अखेर सक्तीने भरती केलेल्यांना समुद्रापलीकडे पाठवायला सुरुवात झाली. याच सुमारास जेलिनाच्या कार्यक्रमांत युद्धावर निघालेल्या आणि युद्धावरून परतलेल्या सैनिकाचे प्रवेश आले आणि त्यांतून 'ति-कॉक' हे त्याचे पहिले पूर्ण लांबीचे नाटक वाढले. 22 मे 1948 रोजी ते मोन्युमाँ-नास्योनालमध्ये उभे राहिले. ति-कॉक हा अनाथालयात वाढलेला अनौरस मुलगा असतो, आता सैनिक झालेला. सोबत्याच्या घरी नाताळाला जातो, त्याच्या बहिणीच्या, मारी-आँजच्या प्रेमात पडतो आणि तिच्यापेक्षाही अधिक त्या घराच्या प्रेमात पडतो, कारण त्याला आजवर काका, मावश्या, आजोबा असे काहीच नसते. तो युद्धावर जातो. घरच्यांच्या दडपणाखाली मारी-आँज दुसऱ्याशी लग्न करते. परत आल्यावर तिला घेऊन पळून जायला तो निघतो आणि लष्करातला पाद्री त्याला थांबवतो. नाटकाचे फ्रेंचमध्ये दोनशेहून अधिक प्रयोग झाले. कॅनडात तोवर कोणत्याही स्थानिक फ्रेंच नाटकाला असा प्रतिसाद मिळाला नव्हता.

आता आक्षेप. सगळ्यांत वजनदार आक्षेप ब्रॉडवेचा, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीचा, आहे आणि तो टाळून चालणार नाही. जेलिनाने स्वतः नाटक इंग्रजीत केले, स्वतः इंग्रजीत भूमिका केली. मॉन्ट्रियल आणि टोरांटोत ते चांगले चालले. शिकागोनंतर फेब्रुवारी 1951 मध्ये ते न्यूयॉर्कच्या ब्रॉडहर्स्ट थिएटरात गेले आणि तीन प्रयोगांत बंद पडले. 'त्याला तेथे जायचेच नव्हते' असा बचाव त्याचे चाहते कधी कधी करतात. तो खोटा आहे. त्याला जायचे होते, त्यासाठी त्याने श्रम घेतले, पैसा लावला आणि तो हरला. जो माणूस स्वतः मोठ्या बाजाराची परीक्षा द्यायला बसतो, त्याला त्या परीक्षेच्या निकालातून सूट मागता येत नाही, हा युक्तिवाद ऐकायला कडवट असला तरी त्यात तथ्य आहे.

पण निकाल नेमका कशाचा लागला? एकच संहिता, तीच इंग्रजी भाषा, तेच मुख्य नट टोरांटोत चालतात आणि न्यूयॉर्कमध्ये पडतात, तेव्हा दोष एकट्या नाटकाचा किंवा भाषांतराचा आहे असे म्हणता येत नाही. दोन्ही शहरांतल्या प्रेक्षकांत कोणता फरक होता, हे विचारावे लागते. नाटकाचा सगळा पेच एका गोष्टीवर उभा आहे. मारी-आँजचे लग्न मोडता येत नाही. न्यूयॉर्कच्या प्रेक्षकाला वाटले असणार की ती घटस्फोट का घेत नाही. क्विबेकमध्ये 1968 चा घटस्फोट कायदा येईपर्यंत न्यायालयात घटस्फोट मिळण्याची सोयच नव्हती. ज्याला लग्न मोडायचे असेल त्याला ओटावाच्या संसदेकडून स्वतःपुरता वेगळा कायदा मंजूर करून घ्यावा लागे. एका सैनिकाला आणि खेड्यातल्या मुलीला हे कुठून परवडणार? शिवाय कॅथलिक चर्चच्या लेखी तो कागदही शून्य. त्यामुळे मारी-आँजला घेऊन ति-कॉक पळाला असता तर त्यांचे मूल कायद्याने आणि समाजानेही अनौरस ठरले असते, म्हणजे जी जखम घेऊन तो जन्माला आला तीच त्याने आपल्या मुलाला दिली असती. टोरांटोच्या माणसाचा कायदा वेगळा होता, पण शेजारच्या प्रांतात काय चालते हे तो जाणून होता. मॅनहॅटनच्या माणसाला ते कोणी सांगितले नव्हते आणि नाटकानेही सांगितले नाही, कारण ज्यांच्यासाठी ते लिहिले होते त्यांना सांगण्याची गरजच नव्हती. येथे कोणी म्हणेल की थोर नाटक अशी माहिती आपल्या पोटात घेऊन प्रवास करते. खरे आहे. प्राचीन ग्रीक नाटकातला दफनविधीचा आग्रह आपल्याला आज कळतो. परंतु तो कळावा म्हणून शतकानुशतके शाळांनी, भाष्यकारांनी आणि अनुवादकांनी त्या नाटकांभोवती माहितीचा कोट उभारला आहे. त्याच्या आत बसून आपण त्यांना 'वैश्विक' म्हणतो. ति-कॉकला तो कोट तीन रात्रींत कोण बांधून देणार होता?

आयर्लंडचे उदाहरण येथे नेहमी पुढे केले जाते. डब्लिनच्या ॲबी थिएटरात 1907 साली आयरिश नाटककार जे. एम. सिंगच्या 'प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड' या नाटकावरून दंगा झाला. पुढे तेच नाटक अमेरिकेत गेले, फिलाडेल्फियात 1912 साली नटांना अटकही झाली, आणि तरीही ते जगभर पोहोचले. मग एका कोपऱ्यातले नाटक जगाचे होऊ शकते, हे सिद्ध होत नाही का? होते, पण अर्धेच. सिंगची भाषा कितीही आयरिश वळणाची असली तरी ती इंग्रजी होती आणि अमेरिकेच्या शहरांत ते नाटक समजून घेणारे, त्यावर चिडणारे लाखो आयरिश आधीच वसलेले होते. आक्षेप घेणारासुद्धा एक प्रकारे तयार प्रेक्षक असतो. न्यू इंग्लंडच्या गिरण्यांत क्विबेकहून गेलेले फ्रेंचभाषक पुष्कळ होते, पण ब्रॉडवेच्या तिकीटबारीवर त्यांची रांग लागत नव्हती.

दुसरा आक्षेप वैचारिक आहे आणि मला तो ब्रॉडवेपेक्षा अधिक गंभीर वाटतो. 'ति-कॉक' आले त्याच 1948 सालच्या ऑगस्टमध्ये चित्रकार पोल-एमिल बोर्द्युआस याने 'रफ्यु ग्लोबाल' हा जाहीरनामा काढला. चारशे प्रती, एकंदर सोळा सह्या आणि चर्च, परंपरा, भीती या सगळ्यांना उघड नकार. बोर्द्युआसला त्यापायी अध्यापकाची नोकरी गमवावी लागली. याच्या शेजारी जेलिनाचे नाटक ठेवले तर काय दिसते? नायक बंड करायला निघतो आणि पाद्र्याच्या सांगण्यावरून माघार घेतो. प्रेक्षक डोळे पुसत घरी जातात आणि चर्चला धक्का लागत नाही. एक माणूस किंमत मोजतो आणि दुसऱ्याला टाळ्या मिळतात, असा हा विरोधाभास मांडला जातो आणि तो प्रभावी आहे. त्याला छेद देणारी एक व्यक्ती मात्र दोन्हीकडे आहे. रंगमंचावर मारी-आँजची भूमिका करणारी म्युरिएल गिल्बो ही त्या जाहीरनाम्याच्या सह्या करणाऱ्यांपैकी एक होती. त्या काळच्या कलावंतांना या दोन गोष्टी परस्परांच्या शत्रू वाटत नव्हत्या. ते वैर पुढच्या इतिहासकारांनी सोयीसाठी ओढलेल्या रेघेवर उभे आहे.

आणि शेवट खरोखर इतका आज्ञाधारक आहे का? पाद्री ति-कॉकला नरकाची भीती घालत नाही. तो त्याला त्याच्याच अनाथपणाची आठवण देतो. प्रेक्षकाला समोर दिसते ते असे की दोन माणसांचे सुख या समाजव्यवस्थेत कोणत्याही वाटेने शक्य नाही. पाद्री जिंकतो, पण तो जिंकल्याचा आनंद नाटकात कोणालाच होत नाही. हे मी ओढूनताणून लावलेले पुरोगामी भाष्य आहे, असे कोणी म्हणू शकेल, म्हणून पुढचे नाटक पाहावे. 'बुझी ए ले ज्युस्त' हे ऑगस्ट 1959 मध्ये आले. एका प्रतिष्ठित, देवभोळ्या कुटुंबातल्या मुलावर खुनाचा खटला चालू आहे. घराण्याच्या अब्रूसाठी सगळे कुटुंब मॉन्ट्रियलच्या हॉटेलात तळ ठोकते आणि महत्त्वाचा साक्षीदार असलेल्या बुझी नावाच्या भोळ्या, श्रद्धाळू नातेवाइकाला मारहाण करून खोटी शपथ घ्यायला लावते. बुझी ती घेतो आणि नंतर गळफास लावून घेतो. बुझीची भूमिका जेलिनानेच केली. ज्या चेहऱ्याला लोक वीस वर्षे हसत आले होते, तोच चेहरा त्यांच्यासमोर त्यांच्या धर्मनिष्ठ सभ्यतेचा बळी म्हणून उभा राहिला. चर्चचा हात धरून राज्य करणारा क्विबेकचा प्रीमियर (मुख्यमंत्री) मोरिस द्युप्लेसी अजून जिवंत होता आणि 1960 च्या दशकात चर्चची पकड सैल करणारी, 'शांत क्रांती' म्हणून जिचा गौरव होतो ती सुरू व्हायची होती. जाहीरनाम्याच्या चारशे प्रतींचे मोल मी कमी लेखत नाही. परंतु ज्या प्रेक्षकाने तो जाहीरनामा कधी हातात धरला नसता, त्याला तिकिटाचे पैसे मोजून स्वतःच्या ढोंगाचा आरसा पाहायला बसवणे हेसुद्धा धाडसच आहे. फक्त ते करायला आधी वीस वर्षे त्या प्रेक्षकाचा विश्वास कमवावा लागतो, आणि विनोदी नटाखेरीज तो कोण कमावणार?

तिसरा आक्षेप सभ्य पोशाखात येतो. 'जेलिना महत्त्वाचा खरा, पण पूर्वसूरी म्हणून. खरी रंगभूमी 28 ऑगस्ट 1968 ला मिशेल त्रांब्लेच्या "ले बेल-सर" ने सुरू झाली.' त्रांब्लेने मॉन्ट्रियलच्या कामगार बायकांची बोली जराही न गाळता रंगमंचावर आणली, त्याची नाटके जगभर अनेक भाषांत गेली, आणि त्याच्याइतकी कलात्मक धार जेलिनाकडे नाही, हे मी मान्य करतो. 'ति-कॉक' आज वाचताना भावुक जागा खटकतात, योगायोग जास्त वाटतात आणि स्त्रीपात्रांना स्वतःचे म्हणणे मांडायला फार कमी जागा मिळते. तरीही 'पूर्वसूरी' हा शब्द मला चलाखीचा वाटतो, कारण त्यात आदर दाखवून माणसाला दालनाबाहेर बसवण्याची सोय आहे. मोलिएरला हयातभर फ्रेंच अकादमीत घेतले नाही, कारण तो रंगमंचावर विदूषकी करणारा नट होता. 1673 मध्ये तो गेला तेव्हा दफनासाठीसुद्धा राजाकडे रदबदली करावी लागली. शंभराहून अधिक वर्षांनी, 1778 मध्ये, अकादमीने त्याचा अर्धपुतळा बसवला आणि खाली लिहिले की त्याच्या कीर्तीत काही उणे नाही, आमच्या कीर्तीत तो उणा होता. जेलिना म्हणजे मोलिएर नव्हे, हे सांगायला नकोच. तुलना दर्जाची नाही, वागणुकीची आहे. जो स्वतः लिहितो आणि स्वतःच हसवतो, त्याला साहित्यिक मंडळी नट म्हणून टाळतात आणि नट मंडळी लेखक म्हणून. एवढे मात्र नमूद करायला हवे की मॉन्ट्रियल विद्यापीठाने इतका वेळ लावला नाही. 1949 मध्येच तेथे त्याला मानद डॉक्टरेट मिळाली आणि त्या प्रसंगीच्या भाषणात त्याने राष्ट्रीय आणि लोकप्रिय रंगभूमीची बाजू मांडली. आपल्या मातीतली, आपल्या बोलीतली कलाकृती गुणांत परक्या कलाकृतीपेक्षा थोडी उणी असली तरी आपल्या प्रेक्षकाला ती अधिक हलवते, असा त्याचा दावा होता. या दाव्याचा गैरवापर सुमार माणसे सर्रास करतात, हे उघड आहे. पण त्याने स्वतः त्याचा आधार घेऊन सुमार लिहिले नाही.

'जनक' म्हणणाऱ्या भक्तांनाही दोन गोष्टी सांगणे भाग आहे. लोकप्रिय फ्रेंच रंगभूमीचा प्रेक्षक त्याने शून्यातून निर्माण केला नाही. 'ला पून' या नावाने ओळखली जाणारी रोझ वेलेत 1936 पासून मॉन्ट्रियलचे तेआत्र नास्योनाल चालवत होती, नाटके बसवत होती, स्वतः विनोदी कामे करत होती आणि गर्दी खेचत होती. एका स्त्रीने, कोणत्याही अनुदानाशिवाय, वर्षानुवर्षे नाट्यगृह चालवावे ही कामगिरी जेलिनाच्या चरित्राच्या तळटिपेत जाऊ नये. बर्लेस्कच्या नटांनी प्रेक्षकाला हसायला आणि तिकीट काढायला शिकवले. जेलिनाने त्याच प्रेक्षकाला एक पाऊल पुढे नेले. आयत्या वेळच्या संवादाऐवजी लिहिलेली, घासलेली, पुन्हा करता येणारी आणि छापता येणारी संहिता त्याने दिली. लहान भाषेच्या दृष्टीने हा फरक निर्णायक आहे, कारण नटाबरोबर त्याचा आयत्या वेळचा विनोद मरतो आणि संहिता दुसऱ्या नटाच्या हाती जाते.

संस्थांच्या बाबतीत त्याचे यश सरळ नाही. 1958 च्या फेब्रुवारीत त्याने 'कोमेदी-कानादिएन' हे नाट्यगृह उघडले. जागा होती सँत-कातरिन रस्त्यावरचे जुने 'गेटी' थिएटर, जेथे पूर्वी लिली सेंट सिर कपडे उतरवत नाचायची, आणि पैशाचा आधार होता डाऊ या बिअर बनवणाऱ्या कंपनीचा. पवित्र कलेच्या कैवाऱ्यांनी नाके मुरडावीत असा हा सगळा मामला. तेथे मार्सेल द्युबेचे 'अँ सँप्ल सोल्दा' 1958 मध्ये आणि 'फ्लोरांस' 1960 मध्ये झाले, म्हणजे त्याच्यापेक्षा वीस वर्षांनी लहान नाटककाराला त्याने मुख्य रस्त्यावरचा रंगमंच दिला. पण केवळ कॅनडियन नाटकांवर, तेही दोन्ही भाषांत, नाट्यगृह चालवण्याचे त्याचे गणित जुळले नाही. नाटकांची संख्या अपुरी पडली, इंग्रजी प्रेक्षक शहराच्या फ्रेंच पूर्व भागाकडे फारसा आला नाही, पुढे तेथे गायकांचे कार्यक्रम वाढत गेले आणि 1972 मध्ये ती वास्तू 'तेआत्र द्यु नूव्हो मोंद' या मंडळीकडे गेली. याला अपयश म्हणायचे की नाही? त्याच्या योजनेचे ते अपयशच होते. मात्र त्याच काळात, 1960 साली, मॉन्ट्रियलमध्ये राष्ट्रीय नाट्यविद्यालय सुरू झाले, फ्रेंच आणि इंग्रजी अशा दोन शाखांचे, आणि त्याच्या संस्थापकांत तो होता. ज्या मोन्युमाँ-नास्योनालमध्ये फ्रिदोलिन गलोल घेऊन उभा राहायचा, ती वास्तू पुढे याच विद्यालयाकडे आली. 1969 ते 1978 तो कॅनडाच्या चित्रपट विकास महामंडळाचा अध्यक्ष होता, आणि 1953 साली त्याने रने दलाक्रुआबरोबर दिग्दर्शित केलेल्या 'ति-कॉक' चित्रपटाला त्या वर्षीचा सर्वोत्तम कॅनडियन चित्रपट हा सन्मान मिळाला होता, हे लक्षात घेतले तर ती नेमणूक निव्वळ मानाची नव्हती. खासगी पैशावर भाषेची रंगभूमी टिकत नाही हे तो स्वतःच्या खिशाला चाट लावून शिकला होता. सार्वजनिक पैसा कोठे आणि का लागतो, हे त्याच्याइतके कोणाला कळणार?

मग त्याच्यानंतर काय शक्य झाले? 20 मार्च 1995 रोजी 'ला पतित व्ही' या दूरदर्शन मालिकेचा एक भाग सुमारे 41 लाख लोकांनी पाहिला. प्रांताची लोकसंख्या तेव्हा सुमारे बाहत्तर लाख होती. ही मालिका क्लोद म्युनिए या विनोदी नटाने लिहिली, मुख्य भूमिकाही त्यानेच केली, आणि कचऱ्याच्या पिशव्यांवर जीव असलेला दाढीवाला बाप व पुरुषाने साकारलेली आई यांच्या त्या घरातला विनोद पॅरिसमध्येसुद्धा समजावून सांगावा लागेल इतका मॉन्ट्रियलचा आहे. म्युनिए हा जेलिनाचा शिष्य नाही, आणि या आकड्याचे श्रेय जेलिनाला देणे हास्यास्पद होईल. मी एवढेच म्हणतो की स्वतःच्या बोलीत स्वतः लिहून स्वतः हसवणे हा प्रतिष्ठेचा आणि पोटाचा धंदा होऊ शकतो, ही कल्पना 1937 साली त्या शहरात नव्हती आणि 1995 साली ती इतकी स्वाभाविक झाली होती की तिच्याकडे कोणाचे लक्षही जात नव्हते.

जेलिनाची खरी मर्यादा मला वेगळ्या ठिकाणी दिसते. 1966 च्या 'इएर, ले झांफां दांसे' या नाटकात त्याने संघराज्यवादी राजकारणी बाप आणि क्विबेक कॅनडापासून वेगळा व्हावा म्हणून बाँब ठेवणाऱ्या स्वातंत्र्यवादी गटातला मुलगा समोरासमोर आणले. असे स्फोट 1963 पासून होतच होते, त्यामुळे त्याला द्रष्टा म्हणण्याचे कारण नाही. पण चार वर्षांनी अशाच स्वातंत्र्यवादी गटाकडून क्विबेकचे मंत्री प्येर लापोर्त यांचे अपहरण आणि खून झाला, तेव्हा त्या घरगुती भांडणाकडे लोकांना वेगळ्या नजरेने पाहावे लागले. नाटकात बापाच्या आणि मुलाच्या दोघांच्याही तोंडी चांगले युक्तिवाद आहेत आणि लेखक कोणाचीच बाजू घेत नाही. राष्ट्रवादी टीकाकार याला पळवाट म्हणतात. त्यांचे म्हणणे पूर्ण चूक नाही. सगळे सभागृह आपल्याबरोबर ठेवायची सवय जडलेल्या नटाला अर्धे सभागृह दुखावणे जड जाते. दोन वर्षांनी, 1968 मध्ये, इव्हों देशां नावाच्या दुसऱ्या विनोदी नटाने याच अडचणीतून वेगळी वाट काढली. त्याने रंगमंचावर एक कामगार उभा केला, जो मालक आपल्याला कसा लुबाडतो ते मालकाचा चांगुलपणा म्हणून कौतुकाने सांगतो आणि युनियन हवीच कशाला, असे विचारतो. त्या कामगाराच्या तोंडी एकही बंडखोर वाक्य नाही, आणि बाजू कोणाची घ्यायची याबद्दल सभागृहात एकाच्याही मनात संशय उरत नाही.